मांडी, उजवी, मागची बाजू

बायकोला पाठीवर घेऊन पळायचं ग्लेन हाकोलाने ठरवलं, ते एका दुपारी कॉफी पिताना, आणि ठरवताना तो खुर्चीत बसलेला होता. खुर्चीत बसून घेतलेले निर्णय फार धाडसी असतात. हाच विचार त्याने उभं राहून केला असता तर गुडघ्यांनीही आपलं मत दिलं असतं आणि ही गोष्ट घडलीच नसती.

सुपीरिअर सरोवराच्या काठावरच्या हेमलॉक बे गावात दर जूनमध्ये युहान्नुसचा, म्हणजे भर उन्हाळ्याचा, सण असतो, आणि सणाच्या दिवशी बायको उचलून पळण्याची शर्यत. गाव सगळं फिनिश वंशाचं, त्यामुळे यात कोणाला काही वावगं वाटत नाही. नवरा बायकोला पाठीवर उलटी लटकावतो (तिचे पाय याच्या गळ्याभोवती, डोकं खाली) आणि वाळूतून, ओंडक्यांवरून, पाण्याच्या डबक्यातून धावत सुटतो. जो पहिला येईल त्याला बायकोच्या वजनाइतकी बिअर. गेल्या वर्षीची शर्यत ग्लेनचा साडू डेल याने जिंकली होती. मैदानावर तो ती एकदाच जिंकला, पण नंतर वर्षभर मेहुणीच्या घरी जेवायला गेलं की प्रत्येक जेवणात तो ती पुन्हा जिंकत असे.

ग्लेनचा पिंड पळण्याचा नव्हता. हॉस्पिटलातले डॉक्टर रोग्याविषयी जे लिहितात त्याला ठरलेले आकडे लावायचे, हे त्याचं काम. त्याला कोडिंग म्हणतात. ते तो घरच्या माडीवर, खुर्चीत बसून करी. मांडीच्या दुखापती हा त्याचा खास प्रांत. मांडीचा स्नायू किंवा त्याला हाडाशी बांधणारं टेंडन दुखावलं की पुढच्या बाजूचं, आतल्या की मागच्या? नुसता ताण, की कापलं गेलं? उजवी मांडी की डावी? पहिली भेट की नंतरची? हे सगळं ठरलं की मग 'एस शहात्तर'ने सुरू होणारा एक लांबलचक आकडा तयार होई. त्या आकड्यांत ग्लेन आपल्या परसात फिरावं तसा फिरे. शिवाय दुखापत कशामुळे झाली, यालाही आकडा असतो. बदक चावलं तर वेगळा. हौस म्हणून पाण्यावर घसरायला गेलात आणि पायातल्या पाट्यांनीच पेट घेतला, तर त्याला वेगळा. ग्लेनला हे सगळे तोंडपाठ होते. ज्याला मांडीतलं इतकं कळतं त्याची स्वतःची मांडी मजबूत असणारच, असा त्याचा प्रामाणिक समज होता.

मार्लिस ओट्यापाशी उभी राहून चर्चच्या विक्रीसाठी पास्टी, म्हणजे मांस-बटाट्याच्या करंज्या, वळत होती. ती शाळेची बस चालवते, आणि सुट्टीत हात रिकामे राहिले की तिला करमत नाही.

"मार्लिस, या वर्षी आपण पळू या," ग्लेन म्हणाला.

"कुठे?"

"शर्यतीत. म्हणजे पळणार मी. तू असणार."

"मी असणार म्हणजे?"

"पाठीवर."

मार्लिसने लाटणं खाली ठेवलं. "उलटी? पाद्रीबाबांच्या समोर?"

"नॅडीन नाही का होत? तुझी सख्खी बहीण! आणि नॅडीन म्हणजे अगदी काटकुळी. बिअर मिळून मिळून डेलला मिळाली किती? आपण जर जिंकलो ना—" इथे ग्लेन थांबला. पण थांबायला उशीर झाला होता.

"आपण जिंकलो तर काय, ग्लेन?"

"काही नाही."

"नाही, नाही, बोल ना. नॅडीन काटकुळी. आणि मी?"

"तू... तू बस चालवतेस."

"म्हणजे?"

"म्हणजे चांगली चालवतेस."

त्या दिवसापासून 'जड' हा शब्द ग्लेनने घरातून हद्दपार केला. लाकडाचा ओंडका उचलतानाही तो "हा जरा मोठा आहे" असं म्हणू लागला.

पण शनिवारी सौनात, म्हणजे वाफेच्या खोलीत, बसलेली असताना तापल्या दगडांवर पाणी ओतता ओतता मार्लिसच म्हणाली, "पळू या." का, ते तिने सांगितलं नाही. खरं कारण असं की लग्नाला इतकी वर्षं झाली, पण चारचौघांत ग्लेनने तिचा हातसुद्धा कधी धरला नव्हता. लग्नांमध्ये इतर नवरे बायकांना नाचायला उठवत, तेव्हा हा केकच्या टेबलापाशी उभा असे. तो आपणहून सगळ्या गावासमोर आपल्याला पाठीवर घ्यायचं म्हणतोय, याचं तिला फार अप्रूप वाटलं होतं. पोरीसारखी खूश झाली होती बिचारी.

मग रोज संध्याकाळी लाकडांच्या ढिगाभोवती त्यांचा सराव सुरू झाला. पहिल्या दिवशी ढिगाला अर्धा फेरा झाला. मार्लिस उलटी लटकून हसत होती आणि तुझ्या पँटची मागची शिवण उसवलीय, अशा उपयुक्त सूचना करत होती. हळूहळू फेरे वाढले. शेजारीपाजारी खुर्च्या टाकून बघायला बसू लागले.

शर्यतीच्या दिवशी ग्लेन खरोखर पळाला. वाळूत धापा टाकल्या, ओंडक्यांवरून चढला, डबक्यात मार्लिसचं डोकं दोनदा पाण्याखाली गेलं ("श्वास घे!" असं तो, ती वर आल्यावर, ओरडे), आणि तो शेवटच्या रेषेपलीकडे पोचला. नंबर शेवटून दुसरा. शेवटचं जोडपं डबक्यातच भांडत उभं होतं. पण मार्लिसला नंबराशी काही देणंघेणं नव्हतं. ती खाली उतरली, केसांतलं शेवाळ बाजूला केलं आणि पाद्रीबाबांच्या समोर तिने ग्लेनचा असा मुका घेतला की त्याची टोपी पडली.

"थांब इथंच. ओल्या पायांनी सर्दी होईल. मी गाडीतून कोरडे मोजे आणते," असं म्हणून ती पळाली.

इथपर्यंत सगळं उत्तम होतं. ग्लेनचा पाय तर ठणठणीत होता. हे लक्षात ठेवा, कारण पुढे सगळं यावरच अडलं.

तेवढ्यात गावच्या साप्ताहिकाचा विन्स कॅमेरा घेऊन आला. "ग्लेन, एक फोटो. बायको कुठेय?"

"मोजे आणायला गेलीय."

"बरं, एकट्याचाच काढतो. जरा वीरासारखा उभा राहा बघू."

वीरासारखं उभं राहण्याची ग्लेनला सवय नव्हती. पण चार पावलांवर यंदाही जिंकलेला डेल अभिनंदनं घेत पाठमोरा उभा होता. ग्लेनने उजवा पाय उचलला आणि एकावर एक रचलेल्या ओंडक्यांतल्या सगळ्यात वरच्या ओंडक्यावर टेकवला. गुडघा सरळ. हनुवटी वर. नजर सरोवराकडे.

"झकास! आता जरा पुढे वाक," विन्स म्हणाला.

ग्लेन वाकला.

"आणखी थोडा."

ग्लेन आणखी वाकला, विन्सने फोटो काढला आणि बिअरची तुला बघायला तो तसाच पळाला. आणि मग ग्लेनला मागून शिवण उसवल्यासारखा 'टर्र' असा आवाज ऐकू आला. आधी त्याला वाटलं, पँट फाटली. पँट असती तर फार बरं झालं असतं. पुढच्या क्षणी मांडीच्या मागून अशी कळ आली की ग्लेन ओंडक्यांशेजारी आडवा झाला आणि फिनिश भाषेतले असे शब्द बोलला, जे त्याच्या आजोबांनी फक्त खाणीत वापरले होते.

लोक धावले. "अरेरे! बायकोला उचलून बिचाऱ्याचा पाय गेला!" कोणीतरी म्हणालं. ग्लेनने चूक सुधारायला तोंड उघडलं. पण समोर डेल उभा होता, आणि डेलच्या चेहऱ्यावर, इतक्या वर्षांत पहिल्यांदा, चक्क आदर होता. ग्लेनने तोंड मिटलं.

मोजे घेऊन धावत आलेल्या मार्लिसला पाद्रीबाबांनी हळू आवाजात सांगितलं, "तुला घेऊन पळाला ना, त्यातच झालं गं." मार्लिसचा चेहरा खाडकन उतरला. तिने ग्लेनला उचलून गाडीत घातलं, आणि हॉस्पिटलपर्यंत ती एक अक्षर बोलली नाही.

सणाचा दिवस असल्याने हॉस्पिटलात निम्मं गाव बसलेलं. कोणाला ऊन लागलेलं, कोणाचं बोट भाजलेलं, एकाच्या कानात मासे धरायचा गळ अडकलेला. खिडकीतल्या नर्सने ग्लेनचं नाव लिहून घेतलं आणि मान वर न करता विचारलं, "कशामुळे झालं?"

दुसरा कोणी असता तर "पळताना" म्हणून मोकळा झाला असता. पण ग्लेनची जीभ कोडिंगची होती. फोटोचं तर सांगायचं नव्हतं. पडलो म्हणावं, तर तो पडला नंतर होता, आणि दुखापतीचा क्रम चुकवणं त्याच्या तत्त्वात बसत नव्हतं. बायको उचलून पळण्याला वेगळा आकडा नाही. (बदकाला आहे.) त्यातल्या त्यात जवळचा आकडा त्याला आठवला आणि त्याचं पुस्तकातलं वर्णन त्याने खणखणीत आवाजात म्हणून दाखवलं, "जड वजन उचलल्यामुळे आलेला अतिताण."

खोलीतली दोन-चार डोकी वळली.

"किती जड?" नर्सने विचारलं.

गळवाल्यानेसुद्धा सावकाश मान वळवली. ग्लेनने मार्लिसकडे बघितलं. मार्लिस भिंतीकडे बघत होती.

"मध्यम," ग्लेन म्हणाला.

"वस्तू कोणती होती?"

"मी होते," मार्लिस म्हणाली.

बाकावर एका कुशीवर टेकून ग्लेनने सारवासारव सुरू केली. "मार्लिस, ती पुस्तकातली भाषा आहे गं. तुझा काही संबंध नाही. त्या आकड्यात पियानोसुद्धा येतो."

"पियानो."

"म्हणजे तू पियानो नाहीस. माझा म्हणण्याचा अर्थ, पियानो जर कोणी—"

"गप्प बस, ग्लेन."

ग्लेन घाबरला. मार्लिस चिडली की भांडी वाजत, दारं वाजत, कुत्रं कोचाखाली जाई, आणि अर्ध्या तासात सगळं निवळे. गप्प ती कधीच बसत नसे. इतकी वर्षं आपल्याबरोबर सुखाने राहिलेली ही बाई आज आपण गमावतोय, असं त्याला खरोखर वाटू लागलं. मांडीची कळ केव्हाच दुसऱ्या नंबरावर गेली होती.

डॉक्टर ट्रॉम्ब्लीबाईंनी आत बोलावलं. बाई तरुण होत्या, चटपटीत होत्या. कागदावरचं नाव वाचून त्यांनी चष्मा काढला, पुसला आणि परत घातला.

"हाकोला? कोडिंगवाले हाकोला?"

"हो."

"म्हणजे दर आठवड्याला 'डॉक्टर, कृपया बाजू नमूद करावी' असं मला लिहिता, ते तुम्ही?"

"हो," ग्लेन क्षीण आवाजात म्हणाला.

"एकदा मी नुसतं 'मांडीला दुखापत' लिहिलं, तर तुम्ही प्रश्नांचा पाऊस पाडलात. मी तेव्हा जेवत होते, हाकोला." बाईंनी स्टूल पुढे ओढलं. त्यांचा चेहरा एकदम प्रसन्न झाला होता. "आज काहीच शंका ठेवायला नको. चला. कोणती मांडी?"

"उजवी."

"पुढची बाजू, आतली की मागची?"

"मागची."

"पहिली भेट?"

"पहिलीच."

"बरं झालं सांगितलंत. नाहीतर पत्र आलं असतं."

मग त्यांनी पालथं झोपवून मांडी दाबली, वाकवली, सोनोग्राफी केली. ग्लेन उशीत तोंड खुपसून वाट बघत राहिला. टेंडन हाडापासून तुटलं की पुढे काय काय होतं, त्या प्रत्येक गोष्टीचा आकडा त्याला ठाऊक होता.

"टेंडन जागेवर आहे," बाई शेवटी म्हणाल्या. "तुटलेलं नाही. नुसता ताण आहे. ऑपरेशन वगैरे काही नको, आपोआप बरा होईल."

ग्लेनने इतका मोठा श्वास सोडला की उशीचा अभ्रा हलला. मान वळवून त्याने मार्लिसकडे बघितलं. ती कोपऱ्यातल्या खुर्चीत तशीच बसली होती. कोरडे मोजे अजून तिच्या हातात होते.

"पण एक गोष्ट मला कळत नाही," बाई कागद बघत म्हणाल्या. "पळताना ही मांडी धरली, तर बहुतेक मध्यावर धरते. तुमचं दुखतंय अगदी वर, बसतो त्या हाडापाशी. असं होतं पाय उंच ताणून, गुडघा सरळ ठेवून, पुढे वाकलं की. नाच करणाऱ्या मुली येतात असं घेऊन. मला नक्की सांगा हाकोला, कळ आली तेव्हा बायको पाठीवर होती का?"

होती म्हणून सांगितलं असतं तर प्रश्न मिटत होता. डेलचा तो आदर जन्मभर पुरला असता. आणि मार्लिस? ग्लेनने पुन्हा तिकडे बघितलं आणि त्याला धक्काच बसला. ती चिडलेली नव्हती. तिचे डोळे लाल होते. ती त्या मोज्यांनी डोळे पुसत होती.

"नव्हती," ग्लेन म्हणाला.

"मग कुठे होती?"

"मोजे आणायला गेली होती."

मार्लिसने मान वर केली.

"आणि तुम्ही काय करत होतात?" बाईंचं पेन तयार होतं.

"फोटो."

"काढत होतात?"

"काढून घेत होतो."

"पाय कुठे होता?"

"ओंडक्यावर. वरच्या."

"कशासाठी?"

आपण इतक्या डॉक्टरांना इतकी वर्षं नेमकं हेच विचारत आलो आणि त्यांना ते कसं वाटत असेल, याची ग्लेनला त्या क्षणी कल्पना आली.

"वीरासारखं दिसावं म्हणून," तो उशीत बोलला.

डॉक्टरबाई हसल्या नाहीत. त्या फक्त उठून भिंतीवरचा सांगाड्याचा तक्ता बराच वेळ, अगदी जवळून बघत राहिल्या. त्यांचे खांदे तेवढे हलत होते.

"म्हणजे माझ्यामुळे नाही झालं?" मार्लिस म्हणाली. आवाज अगदी बारीक होता.

"नाही."

"मी पाठीवर होते तेव्हा पाय नीट होता?"

"ठणठणीत होता. तुझ्यामुळे मला काही म्हणजे काही झालं नाही, मार्लिस. आणखी एक फेरीसुद्धा मारली असती."

"ग्लेन हाकोला!" आता आवाज ओळखीचा झाला. "मघापासून मी इथं बसून विचार करतेय की माझ्या वजनानं माझ्या नवऱ्याचा पाय गेला! एकदा, आयुष्यात एकदा तू मला चारचौघांत जवळ घेतलंस आणि तेवढ्यात मी तुला लंगडं केलं!"

"मला वाटलं तू रागावलीस."

"आता रागावलेय!" असं म्हणून तिने त्याला मोज्यांनी बदडायला सुरुवात केली. बदडता बदडता तिला हसू फुटलं, हसता हसता रडू आलं, आणि मग तिने त्याच्या पाठीवर डोकं टेकलं. कळ मांडीत सणकून गेली, पण ग्लेनचा जीव भांड्यात पडला होता. असं बदडून घ्यायला तो रोज तयार होता.

तक्ता बघून झाल्यावर डॉक्टरबाई वळल्या. "थोडं चाललात तर चालेल. जपून जिने चढलात तरी चालेल. पण दुखणं नेमकं बसायच्या हाडाशी आहे, तेव्हा बसायचं मात्र अजिबात नाही. उभं राहा, नाहीतर पालथे पडून राहा."

"म्हणजे आजवर हा जे एकच करत आलाय," मार्लिस म्हणाली, "तेवढंच बंद."

मग ग्लेनला गाडीच्या मागच्या सीटवर पालथा घातला. तोंडाखाली कुत्र्याची गोधडी होती, पण त्याची काही तक्रार नव्हती. पाय वाचला होता, बायको हसत होती, आणि घर दहा मिनिटांवर होतं.

घर आलं नाही. मार्लिसच्या डोक्यावरचं ओझं इतकं एकाएकी उतरलं होतं की तिला ते एकटीला सोसवेना. चर्चपाशी तिने गाडी थांबवून काच खाली केली. "पाद्रीबाबा! माझ्यामुळे नाही झालं! मी पाठीवर नव्हतेच तेव्हा!" टपालकचेरीपाशी तेच. पेट्रोलपंपावर तर कोणी काही विचारलंही नव्हतं. तिथल्या माणसाला हे कुटुंबच माहीत नव्हतं.

"मार्लिस," ग्लेन गोधडीतून म्हणाला, "डेलकडे नको गं."

"दोनच मिनिटं."

डेल अंगणातच होता. तो टोपी काढून गाडीपाशी आला आणि मागच्या काचेतून आत वाकला. असा अदबीने वाकलेला डेल ग्लेनने जन्मात पाहिला नव्हता, आणि आताही त्याला दिसली ती फक्त डेलच्या हातातली टोपी.

"ग्लेन, मानलं बाबा तुला," डेल गंभीरपणे म्हणाला. "मार्लिसला उचलून पळायचं म्हणजे—"

"उचलून पळताना नाही रे झालं!" मार्लिस आनंदाने म्हणाली. "मला घेऊन सगळी शर्यत पळाला, एक ओरखडा नाही!"

"मग झालं कधी?"

"नंतर! नुसता उभा होता तेव्हा!"

डेलने टोपी परत डोक्यावर चढवली.

"उभं राहणं झेपत नसेल," तो म्हणाला, "तर माणसानं आपलं बसून राहावं."

"तेही बंद केलंय डॉक्टरांनी!" मार्लिस म्हणाली, आणि तिने गाडी पुढच्या घराकडे वळवली.